निनावी चिठ्ठी, धमकीचा मेसेज आणि भाषेचा माग : फॉरेन्सिक भाषातज्ज्ञ नक्की करतो काय?

पंचगंगाकाठ

नमस्कार मंडळी,

माझी भाची एम.ए.च्या शेवटच्या वर्षाला आहे. भाषाविज्ञान म्हटलं की तिला तहानभूक लागत नाही. रविवारी सगळे जेवायला जमलो होतो, तेव्हा तिनं जाहीर केलं की पुढं फॉरेन्सिक भाषातज्ज्ञ व्हायचंय. आमच्या दाजींना वाटलं हस्ताक्षर तपासणारे असतात तेच. ती म्हणाली, हस्ताक्षराचा संबंध नाही. मजकूर टाईप केलेला असला तरी शब्द, वाक्यरचना, शुद्धलेखनाच्या सवयी यांवरून तो कुणी लिहिला असेल हे तपासता येतं, आणि परदेशात खुनाच्या खटल्यांत अशा साक्षी झाल्यात. दाजी म्हणाले, "मग हे आणि पोपटवाला ज्योतिषी यात फरक काय?" पांढरा रस्सा निवून गेला तरी वाद मिटला नाही.

मी भाचीच्या बाजूनं आहे. मी एका सहकारी संस्थेत नोकरी केली. निवडणूक जवळ आली की तिथं निनावी पत्रकं निघायची, खाली सही 'आपला एक हितचिंतक'. पत्रक कुणी काढलंय हे दुपारच्या चहापर्यंत सगळ्या स्टाफला ठाऊक. एक गृहस्थ रजेच्या अर्जातसुद्धा 'वास्तविक पाहता' लिहायचे. पत्रकातून नाव काढलं त्यांनी, 'वास्तविक पाहता' कसं काढणार?

जाणकारांनी सांगावं. हे शास्त्र आहे की अनुभवाचा अंदाज? आपल्या कोर्टात उभं राहील का? आणि मराठीत कुणी करतं का हे?

झणझणीत

आमच्या अपार्टमेंटच्या ग्रुपवर दुसऱ्याच्या मोबाईलवरून कोण बोलतंय हे मी डोळे झाकून सांगतो. तीन उद्गारचिन्हं आणि स्वल्पविरामानंतर जागा नाही म्हणजे आमचे सेक्रेटरी. मलाबी घ्या कामाला.

भाषाभगिनी

(माहेर राजारामपुरीचं, आता पुण्यात भाषाविज्ञान शिकवते.)

दाजींचा प्रश्न उडवून लावू नका, या विषयातल्या लोकांनाही तो रोज छळतो.

'फॉरेन्सिक लिंग्विस्टिक्स' हे नाव पुढं आलं ते यान स्वार्तविक या स्वीडिश भाषाशास्त्रज्ञाच्या १९६८ मधल्या अभ्यासामुळं. लंडनमध्ये टिमथी इव्हान्स या तरुणाला स्वतःच्या लहान मुलीच्या खुनाबद्दल १९५० मध्ये फाशी झाली. पुरावा म्हणजे मुख्यतः त्याचे पोलिसांपुढचे जबाब. पुढं त्याच इमारतीत राहणारा जॉन ख्रिस्ती हा बायकांचे खून करणारा निघाला, त्याला १९५३ मध्ये फाशी झाली, आणि इव्हान्सला १९६६ मध्ये मरणोत्तर माफी मिळाली. स्वार्तविकनं ते जबाब घेऊन वाक्यरचना मोजली. ज्या भागांबद्दल वाद होता तिथली वाक्यं उरलेल्या जबाबाशी जुळत नव्हती.

रोजचं काम म्हणाल तर धमकीची पत्रं, खंडणीच्या चिठ्ठ्या, संशयास्पद आत्महत्येच्या चिठ्ठ्या, वादग्रस्त जबाब आणि आता सगळ्यांत जास्त मोबाईलवरचे मेसेज. वादातला मजकूर एका बाजूला ठेवायचा. ज्यांच्यावर संशय आहे त्यांचं खात्रीचं जुनं लिखाण दुसऱ्या बाजूला. मग दोन गोष्टी बघायच्या : हा माणूस एखादी गोष्ट सातत्यानं अशीच लिहितो का, आणि बाकीचे तसं लिहीत नाहीत ना. दुसरी बाजू लोक विसरतात.

एक उदाहरण. २००५ मध्ये इंग्लंडमध्ये यॉर्कशायरमधली एक तरुणी बेपत्ता झाली. नंतर काही दिवस तिच्या फोनवरून मेसेज येत राहिले, म्हणजे ती जिवंत आहे असं वाटावं. माल्कम कुल्थर्ड या भाषाशास्त्रज्ञानं तिचे आधीचे मेसेज आणि हे नंतरचे शेजारी ठेवले. ती इंग्रजीत 'माय' आणि 'मायसेल्फ' लिहायची. नंतरच्या मेसेजमध्ये त्याऐवजी इंग्रजी बोलीतलं 'मी' (me) आणि 'मीसेल्फ' आलं, जे संशयिताच्या लिखाणात सापडत होतं. अशा बारक्या सवयी बऱ्याच होत्या. मृतदेह मिळाला नव्हता, तरी २००८ मध्ये आरोपीला शिक्षा झाली. भाषेचा पुरावा तिथं बाकीच्या पुराव्यांच्या सोबत होता, एकटा नव्हता.

पत्रकवाल्या गृहस्थांचंही तसंच आहे. 'वास्तविक पाहता' लिहिणारे तुमच्या संस्थेत ते एकटेच होते म्हणून तुम्ही ओळखलंत. तालुक्यात तसे शेकडो निघतील.

कंटाळेश्वर

युनाबॉम्बर राहिला की! सतरा वर्षं एफबीआयला सापडला नाही आणि शेवटी घरच्यांनीच वाचून ओळखलं.

पंचगंगाकाठ

सविस्तर सांगा की राव, आम्हाला नाव तेवढं ऐकून माहीत.

कंटाळेश्वर

टेड काझिन्स्की, गणिताचा माजी प्राध्यापक. १९७८ ते १९९५ पार्सलनं आणि हातानं ठेवून १६ बाँब, तीन माणसं मेली, २३ जखमी. १९९५ मध्ये म्हणाला, माझा ३५ हजार शब्दांचा जाहीरनामा छापा, मग बाँब थांबवतो. सप्टेंबरमध्ये वॉशिंग्टन पोस्टनं छापला. भाऊ डेव्हिडच्या बायकोला आधीच शंका होती, तिनं नवऱ्याला वाचायला लावलं. 'कूल-हेडेड लॉजिशियन्स' असा एक शब्दप्रयोग दिसला आणि डेव्हिड चमकला, कारण थोरल्या भावाच्या तोंडी तो असायचा. घरातली जुनी पत्रं एफबीआयला दिली. तिथं जेम्स फिट्झगेराल्डनं जाहीरनामा आणि पत्रं ताडून बघितली. केक खाणं आणि केक जवळ ठेवणं अशी इंग्रजीत म्हण आहे, ती सगळे एका क्रमानं म्हणतात, हा बाबा जुन्या उलट्या क्रमानं लिहायचा, दोन्हीकडं. एप्रिल १९९६ मध्ये मोंटानातल्या झोपडीत पकडला.

थोडक्यात, घरच्यांना पत्र लिहू नका.

काळा_कोट

वकील आहे, कोल्हापुरातच प्रॅक्टिस. दोन ठिकाणी गाडी जरा हळू घेऊया.

काझिन्स्कीच्या प्रकरणात भाषेची तुलना झोपडीच्या झडतीचं वॉरंट मिळवायला वापरली. खटल्यात त्याची परीक्षा झालीच नाही, कारण जानेवारी १९९८ मध्ये त्यानं गुन्हा कबूल केला. उलटतपासणीत तज्ज्ञाला अर्धा दिवस उभा केल्याशिवाय पुरावा किती पक्का ते कळत नसतं. झडतीत बाँबचं साहित्य आणि मूळ जाहीरनामा सापडला, खरं काम त्यानं केलं.

दुसरं, या विषयावर कुठंही बोलणं निघालं की डेरेक बेंटलीचं नाव येतंच, म्हणून आधीच सांगते. १९ वर्षांचा, जेमतेम लिहितावाचता येणारा मुलगा. १९५२ मध्ये क्रॉयडनला त्याच्या साथीदारानं पोलिसावर गोळी झाडली, जानेवारी १९५३ मध्ये फाशी मात्र बेंटलीला. पोलीस शपथेवर म्हणाले, जबाब त्यानं स्वतःहून एकटाकी सांगितला, आम्ही प्रश्न विचारले नाहीत. कुल्थर्डनी दाखवलं की ५८२ शब्दांच्या जबाबात 'देन' हा शब्द दहा वेळा आहे, आणि साधी माणसं जिथं 'देन आय' म्हणतात तिथं यात 'आय देन' आहे. ती पोलिसांच्या लिहिण्याची लकब. शिवाय कुणी विचारलं नसेल तर कोण आपणहून सांगतं की 'मला अमुक माहीत नव्हतं'? प्रश्न पुसून उत्तरं ठेवली की असं दिसतं.

विश्लेषण सुरेखच आहे. पण १९९८ मध्ये अपील कोर्टानं शिक्षा रद्द केली ती मुख्यतः मूळ न्यायाधीशानं ज्यूरीला केलेल्या एकतर्फी मार्गदर्शनामुळं. 'एका शब्दानं फाशी रद्द झाली' असं लिहिलेलं दिसलं तर पुढं ढकलू नका.

निवृत्त_जमादार

ताई, 'आय देन' वाचून हसलो. आपल्याकडं त्याचा बाप आहे.

मी बरीच वर्षं ठाण्याला लिहिण्याचंच काम केलं. जबाबाची सुरुवात ठरलेली. 'मी वरील पत्त्यावर कुटुंबासह राहणेस असून शेती करून उदरनिर्वाह करतो. समक्ष विचारलेवरून जबाब देतो की'. शेवट ठरलेला. 'माझा वरील जबाब मला वाचून दाखविला, तो माझे सांगणेप्रमाणे बरोबर आहे'. मधला मजकूरही निम्मा ठरलेलाच. एकदा करवीर तालुक्यातली एक आजी तक्रार घेऊन आली. तिचं बोलणं असं : "त्यानं माझ्या पोराला हाणला वो सायब, मी मधी गेलतो तर मलाबी ढकललंन." मी लिहिलं : 'नमूद इसमाने माझे मुलास हाताने व लाथाबुक्क्यांनी मारहाण करून मी भांडण सोडविणेस गेले असता मला ढकलून दिले.' आजीला वाचून दाखवलं. म्हणाली, "लई झ्याक लिवलंय."

आता लबाडी नव्हती यात कुणाची. वर तसंच लागायचं. शिकाऊ पोरं आली की हेच शिकवायचो. तुमच्या त्या साहेबांनी आमच्या ठाण्यातले जबाब मोजले असते तर म्हणाले असते, जिल्ह्यात एकच माणूस आहे आणि त्यानंच सगळे गुन्हे बघितलेत.

तांबडापांढरा

लाथाबुक्क्या आजी म्हणाली कुठं? 😀

निवृत्त_जमादार

हाणलं म्हटल्यावर त्यात आल्याच!

काळा_कोट

जमादारकाका, हेच उलटतपासणीत विचारते मी. 'उदरनिर्वाह' म्हणजे काय ते साक्षीदाराला विचारलं की कोर्टात शांतता.

एक मात्र बरं. बेंटलीसारखा पोलिसांपुढचा कबुलीजबाब आपल्याकडं आरोपीविरुद्ध वापरताच येत नाही. पूर्वी पुरावा कायद्याचं कलम २५ होतं, आता १ जुलै २०२४ पासून भारतीय साक्ष अधिनियमाचं कलम २३. त्यातून काही वस्तू हाती लागली तर तेवढ्यापुरती ती माहिती चालते. म्हणून इंग्लंडमध्ये हे शास्त्र ज्या वाटेनं कोर्टात शिरलं ती आपल्याकडं निम्मी बंदच आहे. आपल्याकडं भाषेचा प्रश्न येईल तो मृत्यूपूर्व जबाबात, चिठ्ठीत आणि मेसेजमध्ये. ८५ टक्के भाजलेली बाई 'तदनंतर' म्हणाली असं कागदावर दिसलं की माझ्या कपाळावर आठी पडते.

दख्खनची_पोर

जमादारकाका, तुमच्या किश्श्यातली सगळ्यांत मोठी गोष्ट कुणाच्याच लक्षात आली नाही. आजी म्हणाली "गेलतो". तुम्ही लिहिलं "गेले असता".

मी शाहूपुरीतली. आम्ही पोरी घरी 'मी आलो', 'मी जेवलो', 'मी जातो' असंच बोलतो. पुण्यात नोकरीला लागले तेव्हा रूममेट पहिले दिवस टकामका बघायची. आता समजा माझ्या फोनवरून कुणाला धमकीचा मेसेज गेला, 'उद्या येतो तुझ्याकडं, बघतो तुला'. पुण्यामुंबईचा तज्ज्ञ म्हणणार, लिहिणारा पुरुष आहे. सुटले मी!

झणझणीत

गुन्हा करायचा विचार आहे का बाई? इथं लिहून ठेवलास, आता पुरावा झाला.

पंचगंगाकाठ

भाचीला वाचून दाखवलं, ती उड्या मारालीय. म्हणते, परीक्षेला हेच लिहितो.

भाषाभगिनी

दख्खनच्या पोरी, तू जे सांगितलंस त्यावर अमेरिकेत एक माणूस तुरुंगातून सुटलाय. १९८४ मध्ये लॉस एंजेलिसला पॅन अ‍ॅम विमान कंपनीला फोनवरून बाँबच्या धमक्या आल्या. कंपनीतल्याच एका नाराज कर्मचाऱ्याला पकडलं, कारण आवाज 'पूर्वेकडचा' वाटला आणि हा न्यूयॉर्कचा. कॅलिफोर्नियातल्या कानांना पूर्वेकडचे सगळे सारखेच. बचाव पक्षानं विल्यम लाबोव्हना बोलावलं, समाजभाषाविज्ञानातलं फार मोठं नाव. त्यांनी टेप ऐकवून दाखवलं की फोन करणारा बॉस्टनच्या बाजूचा आहे. न्यूयॉर्कमध्ये जे दोन स्वर वेगळे उच्चारतात ते तो एकच उच्चारतो, आणि न्यूयॉर्कच्या माणसाला हे सहज सोंग म्हणून जमत नाही. आरोपी निर्दोष सुटला.

लक्षात घ्या, लाबोव्हनी फोन कुणी केला ते सांगितलंच नाही. यानं केला नाही एवढंच सांगितलं. माझ्या मते या शास्त्राची खरी ताकद तिथंच आहे. नाव काढून देण्यापेक्षा नाव वगळून देण्यात.

शंकेखोर

शेवटी कामाचं बोललात. मी आकडेवारीतला माणूस. कोल्हापूर जिल्ह्याची लोकसंख्या २०११ च्या जनगणनेत ३८ लाखांवर. 'करालोय', 'जेवालोय' म्हणणारे त्यातले किती लाख? चिठ्ठीत 'करालोय' आहे आणि आरोपीही 'करालोय' म्हणतो, म्हणून आरोपीनं लिहिली, असं कुणी म्हणालं तर निम्मा जिल्हा आत टाकावा लागेल.

चंदगडकर

निम्मा नको, आमचा तालुका वगळा. आमच्याकडची बोली ऐकून कोल्हापूरचे लोक विचारतात गोव्याहून आलात काय.

नागपुरी_संत्रं

आणि सोंग घेतलं तर? मी सहा वर्षं कोल्हापुरात काढली. 'काय करालाईस भावा' मी पण लिहू शकतो. मग तुमचे तज्ज्ञ मला रंकाळ्यावर शोधून राहतील आणि मी फुटाळ्यावर बसून राहीन.

झणझणीत

'शोधून राहतील'. सापडला, सापडला!

भाषाभगिनी

झणझणीत यांनी एका ओळीत उत्तर दिलं.

सोंगाचं गाजलेलं उदाहरण रॉजर शाय या अमेरिकन भाषाशास्त्रज्ञाचं. मुलीच्या अपहरणाची चिठ्ठी. 'कॅन', 'कॉप्स' असले सोपे शब्द चुकीच्या स्पेलिंगनं, पण त्यापेक्षा अवघड शब्द बिनचूक. म्हणजे शिकलेला माणूस अडाण्याचं सोंग आणत होता. आणि पैसे कुठं ठेवायचे ते सांगताना लिहिलं होतं 'डेव्हिल स्ट्रिप'. पदपथ आणि रस्ता यांच्यामधल्या गवताच्या पट्ट्याला ओहायोतल्या अ‍ॅक्रनच्या आसपासचे लोक तसं म्हणतात. शायनी पोलिसांना विचारलं, संशयितांत अ‍ॅक्रनचा शिकलेला कुणी आहे का? होता. त्यानं पुढं कबुली दिली.

माणूस सोंग आणतो ते त्याला ठाऊक असलेल्या लकबींचं. पट्टीच्या नावाला आपण वेगळं काही म्हणतो हे त्याच्या गावीही नव्हतं.

मोडीवाचक

एक अवांतर. हे परदेशातून आलेलं नवं काहीतरी म्हणून वाचतोय तुम्ही सगळे. मोडी वाचणाऱ्यांना यात नवल वाटणार नाही.

जमिनीच्या, देवस्थानाच्या, मानपानाच्या वादांत जुन्या सनदा दाखवल्या जातात. कागद जुना मिळवता येतो, शाई जुनी दिसेल अशी करता येते. घसरतात ते भाषेत. शिवकालीन म्हणवणाऱ्या कागदात इंग्रजी अमदानीतला कचेरीचा शब्द येतो. मायना चुकतो. ज्या पदाच्या माणसाला 'राजश्री' लिहायचं त्याला भलतंच लिहिलेलं असतं. फारसी शब्द जिथं हवेत तिथं शुद्ध संस्कृत. शिवाजी महाराजांनी फारसी शब्दांना संस्कृत प्रतिशब्द देणारा राज्यव्यवहारकोश करवून घेतला हे ऐकलेलं असतं, त्यामुळं खोटा कागद करणारा सगळाच मजकूर संस्कृतात घोळवतो. प्रत्यक्षात त्या कोशानंतरही रोजच्या कागदांतली फारसी एका रात्रीत गेली नव्हती. युरोपात १४४० मध्ये लोरेन्झो वाल्लानं हेच केलं. सम्राट कॉन्स्टंटाइननं पोपला राज्य दिल्याचं दानपत्र त्यानं लॅटिनच्या दोषांवरून नंतरच्या काळातलं ठरवलं.

माझ्या समोर एकदा एक सनद आणली होती, त्यात पूर्णविराम होते. चहा पाजून परत पाठवली.

उसाचा_फड

पूर्णविराम 😂 मोडीवाचककाका, एक वेगळा धागा काढा यावर.

स्वरयंत्र

आवाजाचं अजून नीट आलं नाही. मी वाचा-उपचाराच्या क्षेत्रात आहे. आवाजाचा नमुना घ्यायला दंडाधिकारी आदेश देऊ शकतात असं सुप्रीम कोर्टानं २०१९ मध्ये रितेश सिन्हा प्रकरणात सांगितलं, आता नागरिक सुरक्षा संहितेच्या कलम ३४९ मध्येच ते आलंय. ते काम ध्वनिशास्त्राचं. भाषातज्ज्ञाचं काम शेजारचं, पण वेगळं.

आणि तज्ज्ञ बरोबर असूनही तपास कसा खड्ड्यात जातो ते सांगतो. १९७९, यॉर्कशायर. बायकांचे खून करणाऱ्याच्या शोधात सगळं पोलीस खातं. एक टेप येते, 'मीच तो'. लीड्स विद्यापीठातले स्टॅन्ली एलिस आणि जॅक विंडसर लुईस टेप ऐकतात आणि बोलणारा संडरलँडमधल्या अमुक वस्तीच्या आसपासचा, इथपर्यंत सांगतात. पोलिसांनी चाळणी लावली : संडरलँडच्या बोलीचा नाही तो खुनी नाही. खरा खुनी पीटर सटक्लिफ यॉर्कशायरचाच. त्याला चौकशीला नऊ वेळा गाठलं आणि सोडलं. टेपनंतर आणखी तीन बायका मेल्या. जानेवारी १९८१ मध्ये तो पकडला गेला तो दुसऱ्याच कारणानं. टेप पाठवणारा खोडसाळ माणूस २००५ मध्ये लाखोट्यावरच्या डीएनएवरून सापडला. संडरलँडचाच निघाला, तज्ज्ञांनी सांगितलेल्या भागाजवळचा.

टेप खुन्याची नसेल अशी शंका भाषातज्ज्ञांनी बोलून दाखवली होती. कुणी ऐकली नाही.

काळा_कोट

हे उदाहरण आमच्या बार रूममध्ये लावून ठेवावं असं आहे. बोली कुणाची हा प्रश्न तज्ज्ञाचा. खून कुणी केला हा त्याचा नाही.

शंकेखोर

माझी दुसरी शंका. हल्ली निम्मं जग फोनला बोलून टाईप करतं, उरलेल्यांना फोन स्वतःच शब्द सुचवतो. त्यात पोरं एआयकडून लिहून घेतात. मग सवय कुणाची, माणसाची की मशीनची?

दख्खनची_पोर

पण शंकेखोरकाका, रोमन मराठीचं काय? माझ्या मैत्रिणींत 'आहे' लिहायच्या चार तऱ्हा आहेत. कुणी सुरुवातीला एक 'ए', कुणी दोन, कुणी मधला स्वरच खाऊन टाकते, एक तर शेवटी 'वाय' लावते. 'मला' मधले दोन्ही स्वर टिकतील याची खात्री नाही. फोनला हे सुधारता येत नाही, उलट ज्याचं त्याचं शिकून तसंच पुढं करतो. देवनागरीत सगळे सारखे दिसत असतील, रोमनमध्ये प्रत्येकाचा संसार वेगळा.

भाषाभगिनी

हे फार महत्त्वाचं आहे. प्रमाणित स्पेलिंगच नाही, त्यामुळं सवयींना मोकळं रान. इंग्रजीपेक्षा इथं लिहिणारे जास्त वेगळे पडतील असा माझा अंदाज, पण मोजल्याशिवाय बोलू नये. फोन वापरणाऱ्याच्या सवयी उचलतो म्हणून फोन बदलला की सवयही अर्धवट बदलते, तेही धरावं लागेल. शंकेखोरांची एआयची शंका मात्र खरी आहे, मजकूर तिथून आला तर लिहिणारा हाती लागणं कठीण.

पंचगंगाकाठ

धागा कुठल्या कुठं गेला, पण मजा आली. भाचीचा प्रश्न असा की शिकायचं कुठं आणि पोट भरेल का. इथं कोल्हापुरात न्यायसहायक प्रयोगशाळा आहे, तिथं असं पद असतं का? दाजी तोवर म्हणालेत, बी.एड. कर.

भाषाभगिनी

दाजींना दुखवू नका, बी.एड. वाया जात नाही.

कोल्हापूरची प्रादेशिक प्रयोगशाळा आहे ती रक्त, विष, दारू अशा तपासण्यांसाठी ओळखली जाते. आत्ताच तिथं भाषातज्ज्ञाची खुर्ची शोधू नका. गांधीनगरला राष्ट्रीय न्यायसहायक विज्ञान विद्यापीठ आहे, तिथले अभ्यासक्रम बघावेत. इंग्लंडमध्ये बर्मिंगहॅमच्या अ‍ॅस्टन विद्यापीठात याच विषयाची स्वतंत्र संस्था आहे, पण तो खर्च घरात बोलून करायचा. मी तिला आधी संख्याशास्त्र शिकायला सांगेन, रडतखडत का होईना. शंकेखोरांसारखा माणूस उलटतपासणीला उभा राहिला की भाषेचं प्रेम कामाला येत नाही. आणि बोली. डेक्कन कॉलेजनं मराठी बोलींचं सर्वेक्षण केलंय, रेकॉर्डिंगसकट, ते आधी ऐकावं. धमकीची चिठ्ठी गडहिंग्लजची की जतची हे सांगायला लंडनहून कुणी येणार नाही.

काळा_कोट

कायद्याची बाजू तिला अनुकूल होतेय. जुन्या पुरावा कायद्याच्या कलम ४५ मध्ये तज्ज्ञाचं मत परदेशी कायदा, विज्ञान, कला, हस्ताक्षर, बोटांचे ठसे एवढ्यापुरतं होतं. नव्या साक्ष अधिनियमाच्या कलम ३९ मध्ये 'किंवा अन्य कोणतंही क्षेत्र' हे शब्द घातलेत. ऑगस्ट २०२५ पासून हायकोर्टाचं सर्किट बेंचही इथंच आहे, त्यामुळं कुणी असा मुद्दा काढलाच तर मुंबईला पळायला नको. पण मत म्हणजे मत. फक्त भाषेवरून शिक्षा द्या असं मी तरी कुठल्या कोर्टाला सांगणार नाही.

जमादारकाका, जबाबाचं ध्वनिचित्रमुद्रण करायला कायद्यात कधीपासूनच मुभा आहे. 'गेलतो' टिकवायचा तोच मार्ग.

निवृत्त_जमादार

मुभा आहे ताई. मुद्रण केल्यावर ते लिहून काढायला पुन्हा आमच्यातलाच एक जण बसणार, आणि तो 'गेले असता' लिहिणार. साहेबांनी 'जसंच्या तसं' म्हणून लेखी आदेश दिला तरच काही होईल. नाहीतर 'गेलतो' लिहिलेला कागद वरून परत येतो, शेरा मारून, 'भाषा सुधारावी'.

दख्खनची_पोर

त्या शेऱ्यावरच कुणीतरी पीएचडी करा.

पंचगंगाकाठ

भाची म्हणते, प्रबंधाला विषय मिळाला. कोल्हापूर आणि इचलकरंजीतल्या मुलींचे रोमन मराठीतले मेसेज गोळा करायचे, आणि लिहिणारीचं नाव झाकून ती ओळखू येते का ते बघायचं. इथल्या कुणाची तयारी आहे का मेसेज द्यायची?

शंकेखोर

माझे पण घ्या. पण ओळखू आले नाहीत ते सुद्धा छापायचे, नुसते जुळलेले नाहीत.

काळा_कोट

प्रत्येकीची लेखी संमती घे म्हणावं. समोरच्याचे मेसेज, फोन नंबर, नावं आधीच काढून टाकायची. मसुदा मी करून देते, फी नको.

झणझणीत

सेक्रेटरींचे मी पाठवतो. संमती तेवढी त्यांना कुणीतरी विचारा.